वार्तापटांचे सुरुवातीचे कॅमेरामन : जीव नक्की कशाने धोक्यात यायचा?

शटरबंद
वार्तापटांच्या (थिएटरात दाखवायच्या बातम्यांच्या फिल्मच्या) जुन्या कॅमेरामनबद्दल बोलणं निघालं की गाडी थेट युद्धभूमीवर जाते. गोळ्या सणसणताहेत आणि हा पठ्ठ्या हँडल फिरवतोय. गोळ्या होत्या, नाकारत नाही. पण १९१० मध्ये फ्रान्सच्या पाथे कंपनीचा वार्तापट ब्रिटनमध्ये सुरू झाला तिथपासून दुसऱ्या महायुद्धापर्यंतचा काळ धरला तर माझं मत असं, की या लोकांचा पहिला वैरी त्यांच्याच हातातलं यंत्र होतं. गोळीचा नंबर नंतर.

हिशेब मांडतो. ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम. हँडलच्या एका फेऱ्यात ८ फ्रेम जातात. सेकंदाला दोन फेरे, म्हणजे सेकंदाला बरोबर एक फूट. ४०० फुटांचं मॅगझीन (कॅमेऱ्याचा फिल्मचा डबा) पावणेसात मिनिटांच्या आत रिकामं. तेवढा वेळ उजवा हात एका लयीत फिरलाच पाहिजे. लय ढळली की पडद्यावर माणसं एकदम धावायला तरी लागतात किंवा चित्र जास्त-कमी उजळ तरी होतं. डावा हात पॅनच्या (कॅमेरा आडवा वळवायच्या) हँडलवर. डोळा फाइंडरला, म्हणजे चौकट बघायच्या भिंगाला. मग वाकायचं कधी आणि पळायचं कधी?

मतं येऊ द्या. फक्त "जिगर लागते हो" छापाचे प्रतिसाद नकोत. कुठला भाग, काय बिघडतं, का बिघडतं, असं बोलू.

नायट्रेटनाना
विषय झकास. पण यंत्र म्हणताना त्याच्या पोटात काय होतं ते राहिलंच की! सगळी ३५ मिमी फिल्म तेव्हा सेल्युलोज नायट्रेटची. म्हणजे गनकॉटन या स्फोटकाची सख्खी चुलत बहीण, नायट्रोजनचं प्रमाण थोडं कमी, वर कापराने मऊ केलेली. जळायला लागणारा ऑक्सिजन तिच्या रेणूतच असतो. त्यामुळे एकदा पेटली की वाळू टाका, ओलं पोतं टाका, बादलीत बुडवा, ती पाण्याखालीही जळत राहते. ताजी फिल्म साधारण दीडशे अंशांच्या पुढे पेट घेते. खराब होत आलेली फिल्म बंद डब्यात बराच काळ ४१ अंशांच्या वर राहिली तर काडी न लावताही पेटू शकते.

आणि ज्वाळेपेक्षा धूर वाईट. त्यात नायट्रोजन डायऑक्साइड आणि कार्बन मोनॉक्साइड. नायट्रोजन डायऑक्साइडचा कावा असा, की माणूस बाहेर येतो, खोकतो, बरा दिसतो आणि काही तासांनी फुफ्फुसात पाणी होतं. १५ मे १९२९ ला अमेरिकेत क्लीव्हलँडच्या एका दवाखान्यात नायट्रेटच्या एक्स-रे फिल्म पेटल्या, १२३ माणसं गेली. त्यातली बहुतेक भाजून नव्हे, वायूने.

मधलीसुट्टी
थोडक्यात, पाठीवर दारूगोळा घेऊन युद्ध बघायला जायचं. सैनिकाला निदान तो उडवायची परवानगी असते.

अंधारखोली
नाना, माहिती बरोबर, पण ती इथे चिकटवताना घोटाळा होतोय. कॅमेऱ्यात फिल्म पेटायला उष्णताच नाही. दिवा नाही, आर्क (प्रोजेक्टरचा प्रखर विजेचा झोत) नाही, हाताने फिरवताना गेटमधल्या (फिल्म सरकते त्या खाचेतल्या) घर्षणाने काही होत नाही. ती भीती प्रोजेक्टरवाल्याला, कारण तिथे फिल्म अडकली की आर्कचा झोत एका फ्रेमवर ठरतो. ४१ अंशांचं म्हणाल तर ते सडत आलेल्या फिल्मचं. कॅमेरामनच्या डब्यातली फिल्म महिन्या-दोन महिन्यांची, ताजी. उन्हात तापलेल्या डब्यात तिचं इमल्शन (चित्र धरणारा थर) मऊ पडेल, धुकट येईल, पण आपणहून भडका उडणार नाही.

नायट्रेटचा खरा मार कॅमेरामननंतरच्या साखळीवर पडायचा. वार्तापट आठवड्यातून दोनदा निघायचा. निगेटिव्ह आलं की धुणं, सुकवणं, कापणं, जोडणं आणि शेकड्यांनी प्रिंट काढणं, सगळं काही तासांत. कापण्याच्या टेबलाखाली कात्रणांचा ढीग, शेजारी अ‍ॅसिटोन किंवा अमाइल अ‍ॅसिटेटचं सिमेंट (फिल्म जोडायचा गोंद), आणि कुणाच्या तरी ओठात सिगारेट. तिथे एक ठिणगी पुरे.

नायट्रेटनाना
हे मान्य. पण रात्रीच्या चित्रणाचं काय? मिरवणुका, आगी, बंदरावरचे अपघात टिपायला मॅग्नेशियमच्या मशाली लावायचे. तिचं तापमान हजारो अंशांत. पाणी टाकलं तर मॅग्नेशियम पाण्यातून हायड्रोजन सोडतं आणि उलट भडकतं. कोरडी वाळू हाच उपाय. तीन हातांवर मशाल आणि पायाशी ताज्या का होईना, नायट्रेटच्या फिल्मचे डबे, हे चित्र तुम्हाला निर्धोक वाटतं?

अंधारखोली
नाही वाटत. हा मुद्दा तुमचा. पुरवणी देतो: मॅग्नेशियमचा पांढरा धूर काही सेकंदांत समोरचं सगळं झाकतो, म्हणून मशालवाला वाऱ्याच्या खालच्या बाजूला आणि कॅमेरा वरच्या बाजूला ठेवायचा. वारा फिरला की चित्रही गेलं आणि डोळेही.

तिकाटणं
नावाला जागून ट्रायपॉडची बाजू मांडतो.

लाकडी कॅमेरा, भरलेलं मॅगझीन, फिरवायचं डोकं आणि तीन पाय मिळून एकट्या माणसाला घेऊन धावता येण्यासारखं ओझं नव्हतंच. मांडायला वेळ, गुंडाळायला वेळ. पाय पक्के रोवले नाहीत तर हँडलच्या झोकाने सगळं हलतं. आणि मांडलेला सांगाडा लांबून कसा दिसतो? तीन पायांवर पेटी, तिला पुढे नळी, मागे ओणवा माणूस हात फिरवतोय. पहिल्या महायुद्धातल्या कुठल्याही निरीक्षकाला ती मशीनगन वाटायची. खंदकातले आपलेच सैनिक कॅमेरावाल्याला शेजारी उभं राहू द्यायला नाखूश असत ते उगाच नाही, त्याच्यामुळे तोफांचा रोख तिकडे वळायचा.

उदाहरणं. १८९८ च्या सप्टेंबरात सुदानमधल्या ओमदुरमनच्या लढाईत युद्धवार्ताहर फ्रेडरिक व्हिलियर्सने कॅमेरा गनबोटीवर लावला. शत्रूने काही करण्याआधी बोटीच्याच तोफेच्या धक्क्याने ट्रायपॉड कोसळला आणि फिल्म उजेडात उघडी पडली. १९१३ मध्ये जेसिका बोर्थविक बाल्कनच्या लढायांत एकटी कॅमेरा घेऊन गेली, तीन दिवसांत हँडल फिरवायला शिकून. तिची मुख्य तक्रार ट्रायपॉडचीच: प्रसंग काही सेकंदांत होऊन जातो आणि आपण अजून पाय उघडतोय. मॅसिडोनियात तिचा ट्रायपॉड तोफगोळ्याने फोडला. कॅमेरा वाचला, आतली फिल्म मात्र गुंतवळ झाली.

आणि १ जुलै १९१६. फ्रान्समधल्या सोमच्या लढाईत हॉथॉर्न रिज या टेकडीखाली ४०,००० पौंड अमोनल हे स्फोटक पुरलेलं. वेळ सकाळी ७:२०. ब्रिटिश कॅमेरामन जेफ्री मॅलिन्स कॅमेरा रोखून बसलाय. शटरबंद यांचा हिशेब इथे लावा: सेकंदाला एक फूट. लवकर सुरुवात केली आणि सुरुंग लांबला तर ऐन क्षणी मॅगझीन रिकामं. उशिरा केली तर जगात एकदाच होणारी गोष्ट हुकली. त्याने अर्धा मिनिट आधी फिरवायला घेतलं आणि पुढचा प्रत्येक सेकंद फिल्म मोजत काढला. स्फोटाने जमीन डोलली तेव्हा त्याने काय केलं? ट्रायपॉडला धरून स्वतःला सावरलं आणि हँडल चालू ठेवलं. जो वैरी तोच आधार.

गल्लीबोळ
तिकाटणं, शेवटचं वाक्य फ्रेम करून लावा. पण मॅलिन्सच्या त्या लढाईवरच्या चित्रपटातलं, खंदकातून वर चढणाऱ्या सैनिकांचं प्रसिद्ध दृश्य मागाहून रचलेलं आहे हेही सांगा ना. सुरुंग खरा, ते दृश्य बनवलेलं.

तिकाटणं
सांगतो की. आणि ते रचावं का लागलं त्याचं उत्तरही याच धाग्यात आहे. ट्रायपॉडवरचा कॅमेरा खंदकाच्या काठावर, सैनिकांच्या पाठीमागे, डोकं वर काढून उभा करणं म्हणजे त्याच मिनिटाला कॅमेरा आणि माणूस दोन्ही गमावणं.

मधलीसुट्टी
रचायचंच तर अमेरिकनांसारखं घरी बसून रचावं. १८९८ ची क्यूबातली सँटियागोची आरमारी लढाई स्मिथ आणि ब्लॅकटन या जोडीने टेबलावर पाण्यात कागदी जहाजं सोडून केली. तोफांना चिमूटचिमूट दारू, आणि धुरासाठी सिगारचे झुरके. जखमी: शून्य. खोकला: भरपूर.

फिरकी
हँडलच्या गुलामीतून सुटायची पहिली मोठी खटपट राहिली, एअरोस्कोप. पोलंडचा संशोधक काझिमिएश प्रुशिन्स्की, १९१० चं पेटंट. आत दाबलेल्या हवेच्या नळ्या, त्या पंपाने आधी भरून ठेवायच्या. हवा सोडली की यंत्रणा आपली आपण चालते, आणि आत जायरोस्कोप असल्याने हातात धरूनही चित्र फार थरथरत नाही. ४०० फुटांचं रीळ बसायचं. दोन्ही हात मोकळे, ट्रायपॉड नको, दरीवर लटकून किंवा विमानातून काम करता येतं.

आता गंमत बघा. यंत्र सोपं झालं तर धोका कमी व्हायला हवा ना? याला टोपणनाव पडलं "मृत्यूचा कॅमेरा". कारण जिथे ट्रायपॉड पोचतच नव्हता तिथे आता माणूस पोचायला लागला. शिवाय हवा सुटल्याचा घरघराट. आणि भरण संपली की परत पंप मारत बसा, तेही आडोशाला. खुद्द प्रुशिन्स्की १९४५ मध्ये माउटहाउझेनच्या छळछावणीत गेला.

शटरबंद
फिरकी, हे माझ्या मताच्या उलट जातंय हे कळतंय. विचार करतो.

रिळवाली
मला डोळ्याबद्दल लिहायचंय, कारण हात आणि पाय झाले.

देब्री पार्व्होसारख्या कॅमेऱ्यात नेमकं चित्र बघायचं तर फिल्मच्या मागून, फिल्ममधूनच बघायचं. डोळा नळीला घट्ट दाबलेला हवा, नाहीतर नळीतून उजेड मागे शिरून फिल्म धुकट करतो. घट्ट दाबलेला डोळा म्हणजे आजूबाजूचं जग बंद. दुसरा प्रकार, बाजूला बसवलेला वेगळा फाइंडर. त्यात निदान फिल्म सुरक्षित, पण तो लेन्सच्या जागेवरून बघत नाही. जवळच्या गोष्टीला चौकट सरकते आणि ती जुळवायला माणूस अजून अंग पुढे काढतो.

सगळ्यात फसवं म्हणजे अंतर. रुंद कोनाच्या लेन्सच्या चौकटीत समोरची वस्तू आहे त्यापेक्षा लांब वाटते. अंगावर येणारी गाडी, घोडा, कोसळती भिंत फाइंडरमध्ये "अजून वेळ आहे" असं सांगत राहते. शर्यतीच्या वळणावर आतल्या बाजूला उभं राहायचं, बाहेरच्या नाही, कारण घसरलेली गाडी बाहेर फेकली जाते. हा साधा नियमसुद्धा चित्र बाहेरच्या बाजूने छान मिळतं म्हणून मोडला जायचा.

कार्ल एकलीने १९१५-१७ च्या सुमाराला काढलेला गोल कॅमेरा याच दुखण्यावरचा उपाय. मूळचा वन्यप्राण्यांसाठी. फिरवण्याचं डोकं एका दांड्यावर चालतं, म्हणजे आडवं आणि उभं एकदमच. आधीच्या दातेरी डोक्याला दोन वेगळी हँडलं, फिल्मचं तिसरं, आणि माणसाला हात दोन. शिवाय कॅमेरा वर आभाळाकडे केला तरी डोळ्याची नळी जागची हलत नाही. विमानं आणि खेळ टिपणाऱ्या वार्तापटवाल्यांनी तो उचलून धरला तो त्यामुळे.

गल्लीबोळ
+१. हात दोन, हँडलं तीन, यावरच वेगळा धागा होईल.

लेन्सकाका
उंचीवरचा धोका कुणी घेतला नाही अजून. ३ एप्रिल १९३३, बिहारात पूर्णियाजवळच्या लालबालूहून दोन वेस्टलँड विमानं एव्हरेस्टवर गेली. मॅकइंटायरच्या विमानात मागे गोमाँ-ब्रिटिश या फिल्म कंपनीचा कॅमेरामन सिडनी बॉनेट. कपडे विजेने तापवलेले, कॅमेराही तापवलेला, कारण त्या थंडीत तेल घट्ट होऊन यंत्र थबकतं आणि फिल्म काचेसारखी मोडते. तयारी सगळी थंडीची. दगा दिला ऑक्सिजनच्या नळीने. अरुंद जागेत कॅमेरे आणि रिळं हाताळत वाकून फिरताना तिला चीर पडली. बॉनेटने शोधून तिच्यावर रुमाल बांधला आणि तिथेच खाली बेशुद्ध पडला. पुढे बसलेल्या वैमानिकाला वाटलं संपला. विमान खाली आल्यावर तो शुद्धीवर आला.

लक्षात घ्या, वैमानिक जागच्या जागी बसलेला असतो. उठणं, वळणं, वजन उचलणं हे कॅमेरामनचं. म्हणजे ऑक्सिजन त्याला जास्त लागणार, आणि नळी ओढली जाण्याची भीतीही त्यालाच जास्त.

अंधारखोली
थंड कोरड्या हवेचं अजून एक: फिल्म जोरात फिरवली की स्थिर वीज साठून ठिणग्या पडतात आणि निगेटिव्हवर विजेच्या फांद्या उमटतात. जिवाला धोका नाही, पण इतकं करून आणलेलं चित्र वाया.

आपल्याकडे उलटं, दमट हवा. कोकणात पावसाळ्यात डबा उघडा राहिला की इमल्शन पाणी पितं, बुरशी धरते, फिल्म गेटमध्ये चिकटून अडकते. सिलिका जेल सहज मिळायच्या आधी लालसर होईपर्यंत भाजलेला तांदूळ फडक्यात बांधून डब्यात टाकायची युक्ती चालायची.

मधलीसुट्टी
फिल्म संपली की मुरमुऱ्यांचा चिवडा.

बोरीबंदर
आपल्याकडचा विषय निघालाच आहे तर सावे दादांना विसरू नका. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर. १८९९ मध्ये मुंबईत हँगिंग गार्डनवरची कुस्ती, १९०१ मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले त्यांचं स्वागत. वार्तापट हा शब्द रुळायच्या आधीचे वार्तापटच ते. धोका काही नव्हता म्हणा, पैलवान अंगावर पडला असता तरच. पण कुस्तीची फिल्म धुवायला बोटीने लंडनला पाठवावी लागली, म्हणजे अंधारखोली म्हणतात ती कॅमेरामननंतरची साखळी आलीच.

खऱ्या जोखमीचं उदाहरण क्वेट्ट्याचं. ३१ मे १९३५ च्या पहाटे भूकंप, हजारोंनी माणसं गाडली गेली. डॉ. पी. व्ही. पथींनी ते टिपलं. भूकंपात मोठा धक्का होऊन गेलेला असतो, भीती उरलेल्या भिंतींची. मागाहूनच्या धक्क्यांनी त्या सावकाश, आवाज न करता सुटतात, आणि कॅमेरावाल्याला चांगलं चित्र नेमकं त्यांच्या पायथ्याशी मिळतं. शहर लष्कराच्या ताब्यात, त्यामुळे परवानगीशिवाय कॅमेरा काढणं हीसुद्धा जोखीम.

आणि १९३० च्या मिठाच्या सत्याग्रहात देशी कंपन्यांनी फिल्म घेतल्या त्यांवर सरकारने बंदी आणली. तिथे अंगाला काही होवो न होवो, रीळ जायचं.

नायट्रेटनाना
पुण्याचं मी लिहितो. ८ जानेवारी २००३ ला जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारात, म्हणजे फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, चित्रपट संग्रहालयाच्या नायट्रेट रिळांच्या कोठाराला आग लागली. कोडॅकने नायट्रेट बनवणं १९५१ मध्ये थांबवलं होतं, म्हणजे त्यानंतर पन्नास वर्षांनी. अंधारखोली, सडत आलेल्या फिल्मचं मी म्हणत होतो ते हे.

अंधारखोली
नाना, दोन्ही हात वर. सडण्याचे टप्पे इथेच देऊन ठेवतो, कुणाच्या माळ्यावर डबे असतील तर उपयोगी: आधी चित्र पिवळट-तपकिरी होतं, मग फिल्म चिकट होते, मग मधासारखे फुगे धरतात, मग अख्खं रीळ एक गठ्ठा होतं आणि शेवटी तपकिरी भुकटी. वास घामट मोज्यांसारखा. फिल्मच्या कडेला "सेफ्टी" (म्हणजे सहज न पेटणारी) छापलेलं नसेल तर नायट्रेट समजूनच वागा. तिसऱ्या टप्प्यापुढचा डबा उघडू नका, उन्हात ठेवू नका, कचऱ्यात टाकू नका. आधी संग्रहालयाला फोन.

गल्लीबोळ
मग सुरुवातीपासून सेफ्टी फिल्म का वापरली नाही? अ‍ॅसिटेट होतंच की तेव्हा.

अंधारखोली
होतं, १९०९ च्या आसपासपासून. पण जुनं अ‍ॅसिटेट महाग, ठिसूळ, आणि आकसायचं. आकसलेल्या फिल्मची भोकं दात्यांवर बसत नाहीत, ती फाटते. घरगुती वापराची १६ मिमी १९२३ पासून अ‍ॅसिटेटवर आणली, कारण घरात नायट्रेट देणं शक्यच नव्हतं. ३५ मिमीला टिकाऊ ट्रायअ‍ॅसिटेट मिळायला १९४८ उजाडलं.

तिकाटणं
गाडी आगीत अडकलीये, मूळ धाग्यावर आणतो. माणसाकडून माणसाला असलेला धोका. त्यात पहिले प्रतिस्पर्धी. एखाद्या कंपनीने फुटबॉलच्या अंतिम सामन्याचे हक्क विकत घेतले की बाकीचे वेषांतर करून घुसायचे, हक्कवाले आरशाने त्यांच्या लेन्सवर ऊन मारायचे, प्रसंगी गुद्दे. १९११ च्या दिल्ली दरबारात चार्ल्स अर्बनने रंगीत चित्रण केलं तेव्हा रोजची निगेटिव्ह रात्री तंबूतल्या वाळूच्या खड्ड्यात पुरून ठेवली, प्रतिस्पर्धी नासधूस करतील या भीतीने.

दुसरे पोलीस. शिकागो, ३० मे १९३७, पोलाद कारखान्याच्या संपकऱ्यांवर गोळीबार, दहा मेले. पॅरामाउंट वार्तापटाचा ऑर्लँडो लिपर्ट तिथे होता. नेमका गोळीबार सुरू व्हायच्या क्षणी तो लेन्स बदलत होता, काही सेकंदांची फट पडली. पुढची मारहाण आली. कंपनीने ती फिल्म आधी दाखवलीच नाही, नंतर सिनेटच्या चौकशीत ती पुरावा ठरली.

रिळवाली
फ्रान्समधलं मार्सेयही त्याच रांगेत. ९ ऑक्टोबर १९३४, युगोस्लाव्हियाचा राजा अलेक्झांडर उघड्या गाडीत, मारेकरी गाडीच्या पायरीवर चढून गोळ्या घालतो. फॉक्स मूव्हीटोनचा जॉर्ज मेझा अगदी जवळ होता. मारेकऱ्याने कॅमेऱ्याकडे बघितलंही नसेल. फ्रान्सचे मंत्री बार्थू गेले ते पोलिसांच्या गोळीने, बघ्यांपैकीही काही मेले. गर्दीत, गोंधळात, सगळ्या दिशांनी गोळ्या, आणि मेझा गाडीजवळ सरकतोय.

फिरकी
आवाज आल्यावर काय झालं तेही बघा. १९२७ मध्ये मूव्हीटोन हा बोलका वार्तापट आला. आवाज त्याच फिल्मच्या कडेला, कॅमेऱ्यातच नोंदवायचा. वेग सेकंदाला २४ फ्रेम, मिनिटाला ९० फूट. मायक्रोफोनची केबल, अ‍ॅम्प्लिफायर, बॅटऱ्या, म्हणून मागे ट्रक. हँडल गेलं आणि त्या जागी दावं आलं. कॅमेरामन केबलच्या लांबीपुरता मोकळा. म्हणून जिथे गडबड व्हायची शक्यता तिथे आयमो हा मुका छोटा कॅमेरा पाठवायचे आणि आवाज नंतर स्टुडिओत चिकटवायचे.

मधलीसुट्टी
फुगेवाला विसरलात! पॅरामाउंटचा अल मिंगलोन. सप्टेंबर १९३७, मेन राज्यातला ओल्ड ऑर्चर्ड बीच. दोन डझनांवर फुगे अंगाला बांधून वरून चित्रण, खाली दोरी. दोरी तुटली. हा निघाला ढगात. एका पाद्रीबुवांनी मोटारीने पाठलाग करून रायफलीने काही फुगे फोडले तेव्हा खाली उतरला. यंत्राचा दोष? गोळीचा? उलट गोळीनेच वाचवला.

शटरबंद
हसून घेतलं. आता मूळ प्रश्नावर.

फिरकीच्या एअरोस्कोपने मला अडवलं होतं. त्यातच आयमो धरा. १९२५, बेल अँड हॉवेल, चावीवर चालणारा, १०० फूट फिल्म, वजन तीनेक किलो. हँडल नाही, ट्रायपॉड नाही, एका हातात मावतो. मी सुरुवातीला ज्या गोष्टी मोजल्या त्या जवळपास सगळ्या त्याने मिटवल्या. आणि या धाग्यात आलेल्या घटनांच्या तारखा बघा: १९३४, १९३७. ऑगस्ट १९३७ मध्ये शांघायच्या साउथ स्टेशनवर बॉम्ब पडल्यावर एच. एस. वाँग एका हातात आयमो आणि गळ्यात फोटोंचा लायका कॅमेरा घेऊन फलाटावर फिरत होता, विमानं परत येतील की नाही हे माहीत नसताना. पुढे जपान्यांनी त्याच्या डोक्यावर बक्षीस लावलं. डिसेंबरात चीनच्या यांगत्से नदीत पॅने या अमेरिकन गनबोटीवर जपानी विमानं आली, नॉर्मन अ‍ॅली आणि एरिक मेयेल डेकवर उभं राहून टिपत राहिले, बोट बुडाल्यावर काठच्या वेळूत लपले. ट्रायपॉडवाला माणूस हे करूच शकला नसता. म्हणजे माझं म्हणणं १९२५ पर्यंत खरं. त्यानंतर यंत्र हलकं झालं आणि तेच माणसाला पुढे घेऊन गेलं.

रिळवाली
पॅनेबद्दल आकडा. विमानं किती खालून येत होती हे दाखवणारा ३० फुटांचा तुकडा राष्ट्राध्यक्ष रूझवेल्टच्या सांगण्यावरून काढला गेला. फिरकीच्या ९० फूट प्रति मिनिटाने भागा: वीस सेकंद. तेवढ्यासाठी दोघं उघड्या डेकवर उभे होते.

लेन्सकाका
शटरबंद, थोडा विरोध. यंत्र हलकं झालं म्हणून माणूस पुढे गेला, की मालकाला जवळचं चित्र हवं झालं म्हणून? सुट्या कॅमेरामनला पैसे वापरलेल्या फुटांवर मिळायचे. लांबून काढलेला धूर कापला जातो, जवळून काढलेला चेहरा राहतो. लांबची लेन्स जड, आणि तिला ट्रायपॉड लागतोच. म्हणजे हलका कॅमेरा घेतला की जवळ जाण्यावाचून गत्यंतर नाही.

हिंडेनबर्ग या हवाई जहाजाचं उलट उदाहरण घ्या. ६ मे १९३७, लेकहर्स्ट. चार-पाच वार्तापटांचे कॅमेरे सुरक्षित अंतरावर मांडलेले. पण पहिली ठिणगी एकाकडेही नाही, कारण फिल्म वाचवायला त्या क्षणी कॅमेरे बंद होते किंवा खालच्या दोरवाल्यांवर रोखलेले. अख्खं जहाज ३४ सेकंदांत जळालं.

तिकाटणं
लेन्सकाका यांचं पटतं. डेमियन पेररचं बघा, ऑस्ट्रेलियाचा, शेवटी पॅरामाउंटसाठी काम करत होता. १७ सप्टेंबर १९४४, पेलेल्यू बेट. रणगाड्याच्या आडोशाने, मागे येणाऱ्या सैनिकांचे चेहरे टिपायचे म्हणून उलटा चालत होता. पाठ शत्रूकडे. मशीनगनने गेला. चेहरा हवा असेल तर पाठ तिकडेच करावी लागते, कॅमेरा हलका असो की जड.

गल्लीबोळ
एक शंका राहिली. आयमोची चावी एकदा दिली की पूर्ण १०० फूट जातात का?

फिरकी
नाही जात. मध्ये परत चावी द्यावी लागते, आणि देताना कॅमेरा छातीशी घेऊन खाली बघावं लागतं. म्हणून प्रत्येक छोट्या शॉटनंतर, काही होत नसलं तरी, चावी भरून ठेवायची. १०० फूट २४ च्या वेगाने ६७ सेकंद. मग आडोशाला जाऊन नवीन रीळ. ते दिवसाउजेडी भरण्याचं असलं तरी बाहेरचे पहिले काही फूट उजेड लागून वाया जातातच, त्यामुळे हाताशी येतं ते मिनिटाच्या आसपास.

शटरबंद
म्हणजे पावणेसात मिनिटांवरून एका मिनिटावर आलो. मग रीळ बदलायला कितीदा वाकायचं त्याचा हिशेब उद्या मांडतो.